मूठ आवळलेल्या मुली

नागपूरच्या दक्षिणेला मनीषनगरची रेल्वे ओलांडून पुढे गेले की बेसा लागते. एके काळी इथे शेतजमिनी होत्या आणि ग्रामपंचायतीचा कारभार होता. आता लेआऊट पडले, उंच इमारती उभ्या राहिल्या आणि बेसा-पिपळा नगरपंचायत झाली. या इमारतींच्या विटा वाहणारी, फरशा बसवणारी, त्यांच्या घरांत पोळ्या लाटणारी आणि त्यांच्या दारावर रात्रपाळी करणारी माणसेही जवळपासच्याच वस्त्यांत राहतात. ती आपली माणसे आहेत. त्यांच्या लेकींविषयी आज आम्ही लिहीत आहोत.

मागे एका रविवारी सकाळी कामानिमित्त आम्ही बेसा येथे गेलो होतो. एका मोकळ्या प्लॉटवर वीस-बावीस मुलेमुली पांढऱ्या कपड्यांत रांगेने उभी होती. सरांनी आकडा म्हटला की सगळ्यांच्या मुठी एकदम पुढे जात आणि तोंडातून जोराचा हुंकार निघे. त्यांत निम्म्याहून अधिक मुली होत्या. कडेला सायकली, चपला आणि पाण्याच्या बाटल्या पडलेल्या. थोडे दूर, निंबाच्या सावलीत, एक बाई उभ्या होत्या. सकाळची दोन घरची स्वयंपाकाची कामे आटोपून त्या मुलीला न्यायला आल्या होत्या. जयभीम झाला, ओळख निघाली, बोलणे सुरू झाले.

मुलगी आठवीत. दोन वर्षांपासून कराटे शिकते. कमरेला हिरवा पट्टा. पण आता घरात वाद पेटलेला. वडील म्हणतात, पुढच्या वर्षी नववी, मग दहावी. हे हातपाय झाडणे पुरे झाले, ट्यूशन लावा. शेजारीण म्हणते, उद्या नाकाचे हाड मोडले तर सोयरीक कोण करील? बाई दोघांच्या मध्ये सापडलेल्या. त्यांनी आम्हाला सरळ विचारले, "ताई, याच्यातून पोरीले भेटन काय? तुम्ही पेपरवाले, तुम्हीच सांगा."

खरे सांगायचे तर त्या दिवशी आम्हाला नीट उत्तर देता आले नाही. शिकू द्या, चांगले असते, एवढे बोलून आम्ही निघालो. पण तो प्रश्न डोक्यातून जाईना. महिन्याच्या पगारातून फी काढून देणाऱ्या आईला खरे उत्तर मिळायला हवे. म्हणून हा लेख.

पोलिसाची मुलगी

उत्तर शोधायला आधी आपल्याच शहरात पाहू. ज्या खेळात मुलगी समोरासमोर मूठ आवळून उभी राहते, अशा खेळात नागपूरची मुलगी जगात पहिली आली आहे. तो खेळ कराटे नाही, कराटेचा जवळचा भाऊबंद आहे: मुष्टियुद्ध, म्हणजे बॉक्सिंग. त्या मुलीचे नाव अल्फिया पठाण.

अल्फियाचे वडील अक्रम पठाण नागपूर पोलीस दलात नोकरीला. घरात पोलिसाच्या पगाराचा हिशेब, मोठी मिळकत नाही. मानकापूरच्या विभागीय क्रीडा संकुलात प्रशिक्षक गणेश पुरोहित यांच्या हाताखाली ती तयार झाली. 2019 मध्ये ती आशियाई ज्युनिअर विजेती ठरली. त्यानंतर एप्रिल 2021 मध्ये पोलंडमधल्या किएल्त्से शहरात युवा जागतिक स्पर्धा भरली. 81 किलोवरील वजनगटाच्या अंतिम लढतीत अल्फियाने मोल्दोवाच्या दारिया कोझोरेझ हिला 5-0 असे हरवले. याचा अर्थ, कडेला बसलेल्या पाचही पंचांनी एकमताने आपल्या मुलीला विजयी ठरवले.

वाचकांना तो एप्रिल आठवत असेल. नागपूर तेव्हा कोरोनाच्या दुसऱ्या लाटेत होरपळत होते. दवाखान्यात खाट मिळत नव्हती, ऑक्सिजनसाठी माणसे रात्रभर धावत होती, दररोज कोणाच्या तरी घरून रडण्याचा आवाज येत होता. त्या काळ्या दिवसांत याच शहराची एक मुलगी परक्या देशात जगज्जेती झाली. पेढे वाटायला, मिरवणूक काढायला कोणाला उसंत नव्हती. कदाचित म्हणूनच पुष्कळांच्या ती बातमी ध्यानात राहिली नाही.

त्या स्पर्धेत भारताच्या सात मुलींनी सुवर्णपदके जिंकली. गीतिका, बेबीरोजिसाना चानू, पूनम, विंका, अरुंधती चौधरी, सनामाचा चानू आणि आपली अल्फिया. कोणी हरियाणाची, कोणी मणिपूरची, कोणी राजस्थानची, कोणी महाराष्ट्राची. या सात नावांत आपल्या देशाच्या किती कोपऱ्यांचा घाम मिसळलेला आहे!

ज्युनिअर आणि युवा गटात चमकलेली पुष्कळ मुले मोठ्यांच्या गटात गेल्यावर हरवून जातात. तिथे पंधरा-पंधरा वर्षे मुरलेल्या खेळाडू समोर येतात. जुलै 2022 मध्ये अल्फिया कझाकस्तानच्या राजधानीत एलोर्डा चषक खेळायला गेली. त्या शहराचे नाव तेव्हा नूर-सुलतान होते. अंतिम लढतीत समोर कझाकस्तानचीच लज्जत कुंगेइबायेवा उभी राहिली. ही 2016 ची जगज्जेती. घरचे मैदान तिचे, प्रेक्षक तिचे, अनुभव तिचा. नागपूरच्या मुलीने तिला 5-0 असे हरवले. त्याच वर्षी नोव्हेंबरमध्ये जॉर्डनची राजधानी अम्मान येथे आशियाई स्पर्धेत अल्फियाने पुन्हा सुवर्ण मिळवले. त्या अंतिम लढतीत जॉर्डनची प्रतिस्पर्धी बाद ठरवली गेली. अम्मानला लव्हलिना, परवीन आणि स्वीटी यांनीही सुवर्णपदके आणली.

आता या कथेतली कडू बाजूही सांगितली पाहिजे. अल्फिया ज्या वजनगटात ही पदके जिंकली, तो गट ऑलिंपिकमध्ये नाही. 2024 च्या पॅरिस ऑलिंपिकमध्ये महिला बॉक्सिंगचा सर्वांत वरचा गट 75 किलोचा होता. म्हणजे मुलगी जगात पहिली असली, तरी ज्या एका व्यासपीठाची सारे जग वाट पाहते, तिथे तिच्या मापाचे दारच नाही. यात मुलीचा काही दोष नाही. नियम बनवणाऱ्यांनी आखलेल्या चौकटीत ती बसत नाही, एवढेच. चौकटीबाहेर ठेवले जाणे म्हणजे काय, हे आपल्या समाजाला कोणी शिकवायला नको. तरीही ती लढली आणि जिंकली, हे आपण ध्यानात ठेवावे.

रिकामा हात

आता कराटेकडे वळू, कारण बेस्याची मुलगी तेच शिकते आहे.

कराटे हा शब्द जपानी. कारा म्हणजे रिकामा आणि ते म्हणजे हात. हातात काठी नाही, तलवार नाही. माणसाजवळ जे शरीर आहे तेच त्याचे हत्यार. ही विद्या ओकिनावा नावाच्या बेटांवर वाढली. गिचिन फुनाकोशी या तिथल्या शिक्षकाने 1922 मध्ये टोकियोत तिचे प्रात्यक्षिक दाखवले आणि तिथून ती जपानभर आणि पुढे जगभर पसरली. फुनाकोशी हे शाळामास्तर होते, ही गोष्ट आम्हाला फार आवडते. ज्या विद्येकडे लोक मारामारी म्हणून पाहतात, ती जगापुढे आणणारा माणूस खडू-फळ्याचा होता.

स्पर्धेत कराटेचे दोन प्रकार असतात. पहिला काता. यात खेळाडू एकटाच उभा राहतो. समोर शत्रू आहे असे मानून ठरलेल्या क्रमाने वार, बचाव, वळणे आणि उड्या करून दाखवतो. पाय कुठे पडला, कंबर किती वळली, श्वास केव्हा सुटला, जोर कुठे आला आणि कुठे थांबला, हे सारे पंच पाहतात. दुसरा कुमिते. यात दोघी समोरासमोर लढतात. हाताचा नेमका ठोसा लागला तर एक गुण, पोटाला किंवा पाठीला लाथ लागली तर दोन, आणि डोक्याच्या उंचीवर लाथ पोहोचली किंवा पाडून नेमका वार केला तर तीन. मोठ्यांची लढत तीन मिनिटांची.

इथे शेजारणीच्या प्रश्नाचे उत्तर आहे. कुमितेमध्ये वार आवरता आला पाहिजे, हा मुख्य नियम. हातात मोजे, दातांना रक्षक, नडगीला आणि पावलाला गादी असते, आणि जो जोरात मारील त्यालाच शिक्षा होते. टोकियो ऑलिंपिकमध्ये पुरुषांच्या वरच्या गटाची अंतिम लढत याचे उदाहरण आहे. सौदी अरेबियाचा तारेग हमेदी 4-1 असा पुढे होता. त्याची लाथ इराणच्या सज्जाद गंजजादेला इतक्या जोराने बसली की तो बेशुद्ध पडला. पंचांनी हमेदीला बाद केले आणि सुवर्णपदक स्ट्रेचरवरून नेलेल्या गंजजादेला मिळाले. रागावर ताबा नसला की हातातले सोने जाते, हे मुलांना समजावायला याहून चांगला धडा नाही. दुखापत होतच नाही असे आम्ही म्हणणार नाही. बोट मुरगळते, नडगी सुजते, क्वचित नाकालाही लागते. पण ते कबड्डीत आणि खो-खोतही होते. एवढ्यावरून कोणी मुलांना घरात कोंडत नाही.

चाळिशीच्या उंबरठ्यावरचे सोने

जागतिक कराटे स्पर्धा 1970 मध्ये टोकियोत सुरू झाली. महिलांना तिचे दार 1980 मध्ये उघडले. ऑलिंपिकची वाट तर 2021 पर्यंत पाहावी लागली. कोरोनामुळे एक वर्ष लांबलेले टोकियो ऑलिंपिक त्या साली झाले. कराटेच्या लढती 5 ते 7 ऑगस्ट या तीन दिवसांत निप्पॉन बुडोकान या सभागृहात पार पडल्या. त्यांत पहिले सुवर्णपदक मिळाले ते महिलांच्या कातामध्ये, स्पेनच्या सांद्रा सांचेझ हिला. तेव्हा तिचे वय 39 होते.

सांद्राची गोष्ट आयाबहिणींनी जरूर वाचावी. तिचा जन्म 1981 चा, तालावेरा दे ला रेना या गावचा. घरच्यांनी तिला नाचाच्या वर्गात घातले होते, भावाला कराटेच्या. पोरीचे मन मात्र भावाच्या वर्गात. हट्ट करून तीही कराटेला जाऊ लागली. पुढे ती चांगली खेळू लागली. पण ऐन उमेदीत आईला कॅन्सर झाला. आईच्या सेवेसाठी सांद्राने सराव केंद्र सोडले आणि घरी आली. नंतर राष्ट्रीय संघाचे दार तिच्यासाठी बराच काळ बंद राहिले. आपल्याकडे किती मुलींची शाळा, किती मुलींचा खेळ अशाच कारणाने सुटतो! घरात कोणी आजारी पडले की पहिला बळी मुलीच्या स्वप्नाचा जातो. बहुतेकींची गोष्ट तिथेच संपते.

सांद्राची संपली नाही. बाहेर राहूनही तिने सराव चालू ठेवला. वयाची तिशी ओलांडल्यावर, ज्या वयात खेळाडू निवृत्तीचे बोलू लागतात, त्या वयात ती राष्ट्रीय संघात परतली. 2015 मध्ये ती युरोपची विजेती झाली आणि पुढे 2019 पर्यंत दरवर्षी तिने हे पद राखले. 2018 मध्ये माद्रिदला तिने जागतिक विजेतेपद मिळवले. टोकियोच्या अंतिम फेरीत समोर होती जपानची कियो शिमिझू, 2014 आणि 2016 ची जगज्जेती. शिमिझू आपल्या देशात खेळत होती. गुण लागले: सांद्रा 28.06, शिमिझू 27.88. इतक्या थोड्या फरकाने इतिहास लिहिला गेला. त्याच वर्षी दुबईत सांद्रा पुन्हा जगज्जेती झाली आणि 2022 मध्ये समाधानाने स्पर्धेतून बाहेर पडली.

त्याच टोकियोमध्ये 61 किलोवरील कुमितेचे सुवर्ण इजिप्तच्या फेरियाल अब्देलअजीझ हिने जिंकले. ती 22 वर्षांची होती आणि औषधशास्त्राचे शिक्षण घेत होती. ऑलिंपिक सुवर्ण मिळवणारी ती इजिप्तची पहिली महिला ठरली. ट्यूशन की कराटे असा वाद घालणाऱ्या वडिलांना आम्ही हे नाव सांगू इच्छितो. पुस्तक आणि मैदान यांचे वैर आपण लावले आहे. ते मुळात नाही.

तेही ऐकून ठेवा

उत्साहात आम्ही खोटी आशा दाखवणार नाही. टोकियोनंतर पॅरिसच्या ऑलिंपिकमधून कराटे वगळले गेले आणि 2028 च्या लॉस एंजेलिस ऑलिंपिकमध्येही ते नाही. टोकियोला भारताचा एकही कराटेपटू पात्र ठरला नव्हता. म्हणून कोणी क्लासवाला, तुमच्या मुलीला ऑलिंपिकला पाठवतो, असे म्हणाला तर त्याच्यापासून दूर राहा. जागतिक स्पर्धा आहेत, आशियाई क्रीडास्पर्धांत 1994 पासून कराटे आहे. शिडी आहे, पण तिच्या पायऱ्या उंच आहेत.

दुसरा धोका संघटनांचा. आपल्या देशात कराटेच्या संघटना पावसाळ्यातल्या छत्र्यांसारख्या उगवतात. 2020 मध्ये जागतिक महासंघाने भारतातल्या तेव्हाच्या राष्ट्रीय संघटनेची मान्यताही काढून घेतली होती. या गोंधळात गरीब आईबाप फसतात. चार गल्ल्यांच्या स्पर्धेला राष्ट्रीय म्हटले जाते, शेजारच्या देशात सहलीवजा स्पर्धा भरवून तिला आंतरराष्ट्रीय म्हटले जाते आणि कर्ज काढून पैसे भरले जातात. हाती येते ते चकचकीत प्रमाणपत्र आणि प्लास्टिकची ढाल. महाराष्ट्रात शासकीय नोकरीत खेळाडूंसाठी 5 टक्के आरक्षण आहे, ही गोष्ट खरी. पण त्यासाठी प्रमाणपत्राची क्रीडा विभागाकडून पडताळणी होते. मान्यता नसलेल्या स्पर्धेचे प्रमाणपत्र तिथे रद्दीच्या भावाचे.

म्हणून पालकांनी पैसे भरण्यापूर्वी जिल्हा क्रीडा अधिकारी कार्यालयात जाऊन एकच प्रश्न विचारावा: ही स्पर्धा शासनाच्या आणि मान्य संघटनेच्या यादीत आहे काय? विचारायला पैसे पडत नाहीत आणि तो आपला हक्क आहे. सर्वांत खात्रीचा मार्ग शाळेचा. शालेय क्रीडास्पर्धांत कराटे आहे. शाळेच्या नावाने मुलगी जिल्ह्यात खेळते, तिथून विभाग, मग राज्य, मग राष्ट्रीय. दहावी-बारावीच्या पात्र खेळाडूंना क्रीडागुणही मिळतात. शाळेतल्या क्रीडाशिक्षकांना भेटा आणि मुलीचे नाव पाठवायला सांगा. नाव पाठवले नाही तर का पाठवले नाही, हे नम्रपणे पण ठामपणे विचारा.

पट्ट्यांचेही तसेच. पांढऱ्यापासून काळ्यापर्यंत रंग बदलतात. नीट शिकवणारे सर काळ्या पट्ट्यापर्यंत पोहोचायला काही वर्षे लावतात. दर दोन महिन्यांनी परीक्षेची फी घेऊन रंग बदलणारा क्लास हे पट्ट्यांचे दुकान समजावे. पाचवीतल्या मुलाच्या कमरेला काळा पट्टा दिसला की आम्हाला त्या मुलापेक्षा त्याच्या बापाच्या खिशाची काळजी वाटते.

घरात काय करावे

खेळणाऱ्या मुलीला ताकद लागते आणि ताकद डब्यातल्या महागड्या भुकटीतून येते असे नाही. भिजवलेले चणे, मोड आलेली मटकी, शेंगदाणे, गूळ, डाळ-भात, परवडेल तेव्हा अंडे, ताक आणि हिरव्या पालेभाज्या. आपल्या चुलीवर जे शिजते त्यातच पुष्कळ आहे. अट एकच. ताटात मुलाला आधी आणि मुलीला उरलेले, ही रीत मोडावी लागेल. वजनगटात बसावे म्हणून वाढत्या वयाच्या मुलीला उपाशी ठेवणारे, पाणी तोडणारे कोणी असतील तर त्यांना तिथेच थांबवा.

मासिक पाळीच्या दिवसांत मुलगी खेळू शकते काय, असे पुष्कळ आया दबक्या आवाजात विचारतात. त्रास नसेल तर खुशाल खेळू शकते. जगातल्या साऱ्या महिला खेळाडू खेळतात. फार दुखत असेल तर तिने विश्रांती घ्यावी आणि तसे सरांना सांगण्याची तिला लाज वाटू नये. म्हणूनच क्लासमध्ये एखादी ताई शिकवायला किंवा निदान हजर असावी, असा आग्रह धरा. मुलगी एकटी कोणाबरोबर बाहेरगावी जात नाही ना, सराव सुरू असताना पालकांना येऊन पाहायची मोकळीक आहे ना, हे पाहणे म्हणजे संशय घेणे नव्हे. ते आपले कर्तव्य आहे. जे सर चांगले असतात, त्यांना याचा राग येत नाही.

आणखी एक भ्रम दूर करू. कराटे शिकली म्हणजे मुलगी चार गुंडांना लोळवील, हे सिनेमातले. संकटात पहिले काम ओरडणे, पळणे आणि माणसे गोळा करणे. कराटे देते ते वेगळे. अंगात चपळाई येते, मान ताठ राहते, नजर खाली जात नाही आणि घाबरल्यावरही डोके चालते. रस्त्याने जाणाऱ्या मुलीला याचा उपयोग ठोशापेक्षा जास्त होतो.

नागपूरची आठवण

आमच्या शहराला या बाबतीत एक जुना वारसा आहे. 20 जुलै 1942 रोजी याच नागपुरात अस्पृश्य महिलांची अखिल भारतीय परिषद भरली होती. सुलोचनाबाई डोंगरे अध्यक्ष होत्या आणि हजारो बाया दूरदूरच्या गावांहून आल्या होत्या. बाबासाहेबांनी त्या सभेत सांगितले की समाजाची प्रगती ते त्या समाजातल्या स्त्रियांच्या प्रगतीवरून मोजतात. त्या मंडपात बसलेल्या आज्यांपैकी पुष्कळांना सही करता येत नव्हती. त्यांच्या नाती-पणती आज मैदानात उभ्या आहेत. त्या मोजपट्टीवर आपण किती पुढे आलो, हे बेस्याच्या त्या मोकळ्या प्लॉटवर दिसते.

पण तो प्लॉट किती दिवस मोकळा राहील? आज ना उद्या तिथे इमारत उठेल. मानकापूरचे संकुल शहराच्या दुसऱ्या टोकाला. आठवीतल्या मुलीने बस बदलत संध्याकाळी तिकडे जावे आणि रात्री परतावे, असे कोणती आई म्हणेल? मग खेळ सुटतो. मुलीत जिद्द नव्हती म्हणून सुटला असे मग आपण म्हणतो. खरे तर जागा नव्हती म्हणून सुटलेला असतो.

इथे आपल्याला काही करता येण्यासारखे आहे. कराटेला मोठे मैदान लागत नाही, महाग सामान लागत नाही. एक सपाट, स्वच्छ फरशी, दोन दिवे आणि पाण्याची सोय एवढे पुरते. आपल्या जवळजवळ प्रत्येक वस्तीत विहार आहे आणि त्याला सभागृह आहे. वंदनेची वेळ सोडली तर आठवड्यातल्या पुष्कळ संध्याकाळी ते कुलूपबंद असते. विहार समित्यांनी आणि महिला मंडळांनी आठवड्यातल्या दोन-तीन संध्याकाळी ते मुलींच्या सरावासाठी उघडावे. वस्तीतल्या दोन बायांनी आळीपाळीने तिथे बसावे. ज्यांना फी जमत नाही त्यांची फी मंडळाने वाटून घ्यावी. जयंतीच्या वर्गणीतला थोडा भाग या कामी आला तर त्यात काही उणे होणार नाही.

त्या बाईंना उत्तर

हे सारे जमा झाल्यावर आम्ही पुन्हा एकदा रविवारी बेसा येथे गेलो. बाई तिथेच, त्याच निंबाखाली. आम्ही त्यांना सांगितले ते असे.

बाई, पदक मिळेलच असे आम्ही म्हणत नाही. लाखांतून एखादीला मिळते. नोकरी मिळेलच असेही म्हणत नाही. खेळ मोठ्या पातळीवर गेला आणि कागद खरे असले तर मदत होते. पण पुढची दोन वर्षे तिचा क्लास बंद करू नका. दहावीच्या वर्षी दिवस कमी करा, आठवड्याला चार ऐवजी दोन. परीक्षेच्या महिन्यात सुटी द्या. पूर्ण तोडू मात्र नका. एकदा सुटलेला सराव परत धरणे फार कठीण असते. सांद्रासारखी एखादीच परत येते. आणि मुलीच्या वडिलांना एक दिवस इथे घेऊन या. त्यांनी अजून तिला खेळताना पाहिलेच नसेल.

बाई थोडा वेळ काही बोलल्या नाहीत. मग म्हणाल्या, "आनते ताई त्यायले. पाहून तर घेऊ दे त्यायले."

तिकडे सरांनी आकडा म्हटला. वीस-बावीस मुठी एकदम पुढे गेल्या. हिरव्या पट्ट्याची ती मुलगी दुसऱ्या रांगेत होती आणि तिचा आवाज सगळ्यांच्या वर ऐकू येत होता.

वाचकहो, तुमच्या वस्तीतही अशी एखादी मुलगी असेल. तिचा क्लास कोणत्या कारणाने सुटण्याच्या बेतात आहे, याची या आठवड्यात चौकशी करा.